गालावरचा शब्द

१८७३ साली जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती अमेरिकेतील काळ्या गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या सज्जनांना. तेव्हापासून ‘गुलाम’ हा शब्द आपल्या जिव्हारीचा आहे. तो कोणी स्वस्तात वापरला की बोचतो. म्हणूनच प्रिन्स या कृष्णवर्णीय अमेरिकन गायकाने गालावर ‘स्लेव्ह’ असे लिहून लोकांपुढे यावे, याचा विचार आपण केला पाहिजे.

मिनिआपोलिसचा हा गायक १९८४ च्या ‘पर्पल रेन’ने जगभर गाजला. १९९२ मध्ये वॉर्नर ब्रदर्सशी त्याने केलेल्या कराराचा आकडा १० कोटी डॉलर असा सांगितला गेला. तरीही १९९३ मध्ये त्याने आपले नाव टाकले आणि ज्याचा उच्चारच नाही असे एक चिन्ह धारण केले. तक्रार अशी की गाणी त्याची, पण मूळ ध्वनिमुद्रणांची मालकी कंपनीची. गाणी केव्हा आणि किती काढायची, हेही कंपनीच ठरवणार. त्यावर टिंगल झाली : कोट्यधीश कसला गुलाम?

ही टिंगल माझ्या ओळखीची आहे. आमच्या घरातला मी पहिला पदवीधर. प्राध्यापकांच्या खोलीत मी विरोध नोंदवला की एखादा सहकारी हसून विचारतो, “आता तुम्हाला काय कमी आहे?” जणू पगार घेतला की तोंडही गहाण पडते! प्रश्न पोटाचा नसतो. आपल्या निर्मितीवर हुकूम कोणाचा, हा असतो.

तथापि प्रिन्सचा शब्द मी जसाच्या तसा स्वीकारत नाही. करारावर सही त्याने स्वतः केली होती. लिलावात उभ्या केलेल्या माणसांना सही कोणी मागितली नव्हती. हा फरक पुसला तर शब्दाची धारच जाते.

१९९६ मध्ये वॉर्नरमधून सुटल्यावर त्याने ‘इमॅन्सिपेशन’, म्हणजे ‘मुक्ती’, हा संग्रह काढला : ३ तबकड्या, प्रत्येकी ६० मिनिटांची, एकूण ३६ गाणी. संग्रह पसरट आहे. निम्म्या गाण्यांत तो अधिक बळकट झाला असता. परंतु पसरट होण्याचा अधिकारही मुक्तीतच येतो. ‘आधी कलामूल्य दाखवा’ असे आपल्या साहित्याला बजावणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे.

२०१४ मध्ये मूळ ध्वनिमुद्रणांची मालकी त्याने परत मिळवली. २०१६ मध्ये तो मृत्युपत्र न करताच वारला आणि त्याच्या मिळकतीचा वाद २०२२ पर्यंत कोर्टात चालला. एकट्याने मिळवलेले पुढच्यांच्या हाती कसे द्यायचे, याची तजवीज त्याने केली नव्हती. आपण तरी ती केली आहे काय?