उष्म्याने मागे फिरवलेला काळ

जे. जी. बॅलर्ड यांची ‘द ड्राउन्ड वर्ल्ड’ (१९६२) ही कादंबरी आम्ही दिल्लीच्या ऐन ज्येष्ठात वाचली आणि तिच्यातील कल्पित सिद्धान्ताचा मोह किती प्रबळ आहे, हे अनुभवले. सूर्याच्या प्रक्षोभाने पृथ्वी तापली, ध्रुवांवरील बर्फ वितळले, लंडन पाणी व गाळ यांखाली गेले. ही केवळ पार्श्वभूमी होय. कथेचा प्राण आहे तो डॉ. बॉडकिन या पात्राच्या उपपत्तीत. हवामान ट्रायासिक युगासारखे झाले, की मज्जारज्जूत साठलेल्या आदिम स्मृती जाग्या होतात आणि मनातील काळ मागे वाहू लागतो, असे ती सांगते.

शास्त्र म्हणून ही उपपत्ती टिकणारी नव्हे. गर्भ आपल्या पूर्वजांचा इतिहास पुन्हा जगतो, या हेकेलच्या मताची ती छाया आहे, आणि ते मत जीवशास्त्राने केव्हाच टाकले. तरीही कादंबरीतील स्वप्नांच्या व सरीसृपांच्या सहवासात ती पटते, हे लेखकाचे सामर्थ्य.

आमचा आक्षेप निराळा आहे. उपसून कोरडा केलेला शहराचा भाग नायक केरन्स बांध उडवून पुन्हा बुडवतो आणि एकटाच दक्षिणेच्या अधिक उष्ण प्रदेशात निघून जातो. उपपत्तीमुळे ही शरणागती नियती भासते. सूर्यच दोषी ठरल्यावर माणसाने उत्तर कशाचे द्यावे? आज पृथ्वी तापते आहे ती मुख्यतः माणसाने जाळलेल्या कोळशाने व तेलाने. उन्हाळ्यात कचेरीतील दुपार आम्हांसही थांबल्यासारखी वाटते. परंतु हातातील कागदावर त्या दिवसाची तारीख घालावीच लागते. कादंबरीचे सौंदर्य आम्ही मान्य करतो. ती तारीख पुसण्याचा तिचा अधिकार मात्र मान्य करीत नाही.