हरता येणारे पात्र

एलेकबाइट नावाच्या चमूने १९९९ साली 'म्युजेन' हे मारामारीच्या खेळाचे इंजिन फुकट उपलब्ध करून दिले. त्यात खेळ जवळजवळ नव्हताच. 'कुंग फू मॅन' हा एक लढवय्या नमुन्यादाखल होता. बाकीची पात्रे ज्याची त्याने करायची. हौशी मंडळींनी ती हजारोंनी केली. त्यांवर लिहिणारे बहुधा सरमिसळीनेच दिपतात: एका बाजूला 'स्ट्रीट फायटर'मधला रियू, समोर होमर सिम्प्सन. मला त्याचे नवल नाही. आमच्या कान्ह्यात दिवाळीच्या किल्ल्यावर बोटभर मावळ्याशेजारी वीतभर वाघ बसतो, आणि कोणाची हरकत नसते.

नवल आहे ते पात्राच्या पोटात. चित्रे आणि आवाज वेगळ्या फायलींत बांधलेले असतात. पण कळांचे आदेश, हालचालींचा क्रम आणि वागण्याचे नियम साध्या मजकुरात लिहिलेले असतात. नोटपॅडमध्ये उघडावे आणि वाचावे. मी ही पात्रे खेळतो कमी, वाचतो जास्त. प्रत्येक स्थितीला क्रमांक असतो: ० म्हणजे उभे राहणे, २० म्हणजे चालणे, ५०००पासून पुढे मार खाणे. प्रत्येक चित्रावर चौकटी आखायच्या. लाल चौकट मारते, निळी मार खाते. सेकंदाचे साठ भाग. ठोसा तिसऱ्या भागात लागतो की आठव्या, आणि चुकला तर हात मागे यायला किती भाग जातात, यावर पात्राचा स्वभाव ठरतो. चेहऱ्यावर नव्हे.

बरे-वाईट इथेच कळते. उथळ कर्ता नेहमीचे १००० प्राण भलतेच वाढवतो, निळी चौकट काढूनच टाकतो. अशी अजिंक्य पात्रे एकमेकांवर सोडून बघत बसणारा एक पंथच आहे. मला ती दोनदा पाहवत नाहीत. जाणता कर्ता मोठ्या फटक्यानंतर पात्राला क्षणभर उघडे ठेवतो. समोरच्याला संधी देणारी ती ओळ त्याने बसून, विचार करून लिहिलेली असते.

मालकीचा वाद जुना आहे. कॅपकॉमची चित्रे उचलून केलेल्या पात्राबरोबर 'यात बदल करू नये' अशी ताकीद जोडलेली आढळते. हसू येते खरे. तरी मी कर्त्याचा हक्क अर्धा मानतो: अंग उसने असेल, 'हा इथे थांबेल' हा निर्णय त्याचा आहे.

सिंगापूरचा पियानोवादक रूबेन की याने केन या प्रसिद्ध लढवय्यावरून 'एव्हिल केन' केला. नोव्हेंबर २००७मध्ये कंबोडियात ड्रॅगन-बोटीच्या अपघातात तो बुडाला. एलेकबाइटही मधली काही वर्षे गायबच होते. पुढे परतले आणि २०११ साली पहिली पूर्ण आवृत्ती दिली. दरम्यान पात्रे हातोहात फिरत राहिली. एव्हिल केन आजही लढतो, मार खातो, हरतो. किती भाग थांबायचे ते रूबेनने ठरवले होते, तेवढेच थांबतो.