मध्ये मध्ये येणारा माणूस

लग्नाच्या व्हिडिओत एक काका हमखास असतात. मंगलाष्टका असोत की सप्तपदी, फिरून फिरून कॅमेऱ्यासमोर येतात आणि आपण त्या गावचेच नाही असा चेहरा करतात. कीस्टोन कंपनीचा 'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' हा १९१४चा मूकपट म्हणजे या काकांचीच सहा-सात मिनिटं.

हे व्हेनिस कॅलिफोर्नियातलं. त्या जानेवारीत तिथे मुलांच्या चिमुकल्या मोटारींच्या शर्यती खरोखरच भरल्या होत्या. बघ्यांची गर्दीही खरी. गोष्ट म्हणाल तर एवढीच : वार्तापटवाले शर्यत टिपताहेत आणि ढगळ विजार, तोकडा कोट, डर्बी हॅट, हातात काठी असा एक इसम, म्हणजे चार्ली चॅप्लिन, मध्ये येतोय. दिग्दर्शक त्याला ढकलतो, हा पुन्हा हजर. ढकलणारा हेन्री लेहर्मन या चित्रपटाचाही दिग्दर्शक आहे.

ढकलाढकली थोड्या वेळाने शिळी होते, हे कबूल. खरी मजा कॅमेऱ्याच्या लाचारीत आहे. वार्तापटाचा कॅमेरा तिकाटण्यावर रोवलेला. समोर येईल ते निमूट टिपायचं, हा त्याचा धर्म. चार्लीने नेमकं हेच हेरलंय. तो सहज फिरायला निघाल्यासारखा येतो, बरोबर मधोमध थबकतो आणि हळूच भिंगाकडे बघून घेतो. पुढे दुसरा कॅमेरा लागतो. त्यातून आपल्याला पहिला कॅमेरा, हँडल फिरवणारा माणूस आणि वैतागलेला लेहर्मन असे सगळेच दिसू लागतात. शर्यत राहते बाजूला, उरते ती बातमी घेणाऱ्यांची तारांबळ.

मला मात्र दर वेळी मागची माणसं खुणावतात. चोवीस वर्षांच्या चॅप्लिनचा हा 'ट्रॅम्प'चा, म्हणजे भटक्याचा, अवतार प्रेक्षकांनी तोवर पडद्यावर पाहिलेलाच नव्हता. सुरुवातीला कोणी त्याच्याकडे लक्ष देत नाही. मग एखाददुसरा वळून बघतो, कोणी हसतो, आणि हळूहळू पोरंटोरं शर्यत सोडून यालाच न्याहाळू लागतात. ते हसू कोणी तालीम घेऊन बसवलेलं वाटत नाही. वार्तापट लुटुपुटीचा, पण ट्रॅम्पला हसणारी पहिली गर्दी त्यात टिपली गेली.

अखेर चार्लीचा वेडावणारा चेहरा पडदा भरून टाकतो. शर्यत कोण जिंकलं याची चौकशी चित्रपट करत नाही. ७ फेब्रुवारी १९१४ला तो प्रदर्शित झाला, तोही अर्ध्या रिळावर. उरलेल्या अर्ध्यात ऑलिव्ह आणि त्याच्या तेलाचा माहितीपट होता.