लाल, हिरवी आणि मधली तार

माझा मेहुणा नोकरीनिमित्त जपानात असतो. यंदा गणपतीच्या सुमारास त्याचा फोन आला.

"दाजी, दिवाळीला येताना पोरांसाठी पोकेमॉनचा खेळ आणतोय. स्कार्लेट आणू की व्हायोलेट?"

"दोहोंत फरक काय?"

"तसा काही नाही. पण आहेही." एवढे बोलून त्याने फोन ठेवला.

मी पेशाने मास्तर आणि हौसेने कादंबरीकार. एकाच पोथीच्या दोन प्रतींत पाठभेद दिसला, की तो कोणी केला, कशासाठी केला आणि त्याने मूळ कथेचे बरे झाले की वाईट, हे पाहिल्याखेरीज मला चैन पडत नाही. घरातल्या दोघा मुलांचे तर मत ठरलेले होते. धाकट्याला स्कार्लेट हवी, कारण तिच्या वेष्टनावरचा सरडा तांबडा आहे. थोरलीला व्हायोलेट हवी. तिचे कारण पुढे सांगतो.

ज्यांच्या घरी मुले नाहीत अशा वाचकांसाठी थोडा खुलासा हवा. हा हातात धरून खेळायच्या यंत्रावरचा खेळ. लहानशा गावातला एक मुलगा प्रोफेसरांकडून तीन प्राण्यांपैकी एक घेऊन घराबाहेर पडतो, रानोमाळ हिंडून नाना तऱ्हेचे प्राणी चेंडूत पकडतो, त्यांना झुंजवतो, वाढवतो. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानात हा खेळ निघाला तोच लाल आणि हिरवी अशा दोन प्रतींत. १९९८ मध्ये अमेरिकेत गेला तो लाल आणि निळी होऊन. कथा तीच, नकाशा तोच. मात्र लाल प्रतीत ११ प्राणी असे, की जे निळीच्या रानात कधी भेटत नाहीत. आणि निळीत दुसरे ११, जे लाल प्रतीत भेटत नाहीत. यादी पुरी करायची तर दुसरी प्रत बाळगणारा मित्र गाठायचा, दोन यंत्रे तारेने जोडायची आणि अदलाबदल करायची.

हे ऐकून माझे पहिले मत वाईट झाले. उद्या माझ्या प्रकाशकाने अर्ध्या प्रतींतून नायकाची मावशी आणि उरलेल्या अर्ध्यांतून त्याचा काका गाळला, तर वाचक आम्हा दोघांना चोप देतील. आणि तो योग्यच ठरेल. एकच माल दोनदा विकण्याची ही युक्ती, असे मी घरात जाहीरही करून टाकले.

पण न वाचता अभिप्राय देणाऱ्या समीक्षकांवर मी आजवर फार चिडलो आहे. मेहुण्याने गेल्या खेपेला आपला जुना गेम बॉय आणि लाल प्रत मुलांना दिली होती, तीही आतला सेल बदलून. नाहीतर म्हणे यंत्र बंद करताच सारी जमवाजमव पुसली जाते. ती माळ्यावरून काढली आणि महिनाभर रात्री जेवणानंतर खेळलो. उत्तरपत्रिका तशाच पडल्या, हे कबूल करतो.

या खेळात काडाब्रा नावाचा हातात चमचा धरणारा एक मांत्रिक आहे. मी त्याला लहानपणापासून वाढवला. त्याचे पुढचे रूप अलाकाझाम. पण ते त्याला केव्हा लाभते? दुसऱ्याच्या हाती दिल्यावरच. मी त्याला पन्नासाव्या पायरीपर्यंत नेला, दर झुंजीनंतर आशेने पाहिले. तो काडाब्राच राहिला. आमच्या गावात दुसरा गेम बॉय नाही. सहा शेपटांची ती वल्पिक्स कोल्हीही मला या प्रतीत भेटणे नाही. त्या रात्री या खेळाविषयीचे माझे मत बदलले.

कारण मला काड्यापेटीचे छाप आठवले. आम्ही पोरे ते गोळा करीत असू. आमच्या बाजारात मोजके चार-पाच छाप येत. ते सगळ्यांकडेच असत, म्हणून त्यांना किंमत नव्हती. वर्गात एका एस.टी. ड्रायव्हरचा मुलगा होता. त्याचे वडील मुक्कामाच्या गावांहून निराळे छाप आणीत. तो घुमा होता, एरवी त्याच्याशी कोणी बोलले नसते. त्या छापांपायी मी त्याच्या घरी गेलो, आणि पुढे छाप संपले तरी जात राहिलो.

या खेळाचा कर्ता सातोशी ताजिरी १९६५ साली जन्मलेला, तोक्योजवळच्या माचिदात वाढलेला, लहानपणी किडे पकडण्याच्या नादात असलेला. ती शेते आणि तळी पुढे इमारतींखाली गेली. दोन यंत्रांमधली तार पाहून, तिच्यातून किडे इकडून तिकडे सरपटत चालले आहेत, असे त्याला वाटले. दोन प्रतींची सूचना शिगेरू मियामोतो यांची, असे सांगतात. दुकानदाराचा हिशेब तीत असेलच; पण गाळलेले ११ प्राणी कथेला अडवीत नाहीत, फक्त मुलाला शेजारच्या दारापर्यंत ढकलतात. उणेपणा इतका बेताचा ठेवणे हे कसबाचे काम आहे.

पुढच्या काळात हा बेत नेहमीच साधलेला नाही. त्यांची माहिती मी पुण्याच्या भाच्याकडून घेतली. त्याला सारे तोंडपाठ आहे. २००२ च्या रूबी-सफायरमध्ये जमीन वाढवू पाहणारी एक टोळी आणि समुद्र वाढवू पाहणारी दुसरी. आपण जी प्रत घ्यावी तिच्यात एक दुष्ट ठरते आणि तिला अडवायला दुसरी पुढे येते. ही कल्पना कादंबरीकाराला हेवा वाटावा अशी आहे. २०१६ ची मून मात्र घड्याळापेक्षा १२ तास उलटी चालते. ज्याला दिवसाच खेळायची परवानगी त्या शाळकरी पोराला सदैव रात्रच! आणि २०१९ च्या सोर्ड-शील्डमध्ये एका गावच्या आखाड्यावर एका प्रतीत मुलगा बसतो, दुसरीत त्याची आई. त्या मायलेकांचे पटत नाही. त्यांचे भांडण दोन खोक्यांत वाटून टाकले, की ते समोरासमोर यायचे कोठे? येथे गाळले ते प्राणी नव्हे, नाटकच गाळले. स्कार्लेट-व्हायोलेटची (२०२२) तऱ्हा जवळपास तीच. आर्व्हेन नावाच्या मुलाला एका प्रतीत आई, दुसरीत बाप. एक पुरातन प्राण्यांमागे लागलेली, दुसरा भविष्यातल्या यंत्रवत प्राण्यांमागे. प्रसंग तेच. आई गेल्याचे आणि बाप गेल्याचे पोरकेपण एकाच साच्यातून कसे काढता येते, हे मला समजले नाही.

शिवाय २०१३ पासून इंटरनेटवरून कोणा अनोळख्याशी डोळे मिटून अदलाबदल करता येते. पृथ्वीच्या पाठीवरून कोणीतरी काहीतरी पाठवतो, नाव दिसते, माणूस नाही. मला हे रुचत नाही. पण ज्या गावात एकच यंत्र आहे तिथल्या मुलाने दुसरे काय करावे? माझ्या वर्गातल्या बहुतेक मुलांनी हे यंत्र पाहिलेलेही नाही. जोडीचा हा सगळा डौल, शेजारच्या घरीही तेवढीच ऐपत आहे असे गृहीत धरून उभा आहे.

आता थोरलीचे कारण. भाच्याकडे व्हायोलेट आहे. मे महिन्यात दोघांचे कशावरून तरी बिनसले, तेव्हापासून अबोला आहे. "त्याच्याकडे आहे तीच आपण घ्यायची, बाबा. मग त्याच्याकडे काही मागायलाच नको." युक्तिवाद बिनतोड होता. मी तिला काही न बोलता मेहुण्याला कळवले, स्कार्लेट आण.

धाकटा खूश आहे. थोरली माझ्याशीही दोन दिवस बोलली नाही. भाऊबीजेला माझी बहीण येणार आहे, भाचा आपले यंत्र घेऊन येतो म्हणाला. आता तार लागत नाही, यंत्रे जवळ ठेवली की पुरे, असे त्याने सांगितले. म्हणजे शेजारी बसावे लागते ना, हे मी त्याला दोनदा विचारून घेतले आहे.