झमीरा ते माइक : लाबिना मितेव्स्का

मिल्चो मान्चेव्स्कींच्या ‘बिफोर द रेन’मधली (१९९४) झमीरा आठवा. मॅसेडोनियातल्या मठात लपलेली, केस कापलेली अल्बेनियन मुलगी. तिला तिथल्या तरुण साधूची भाषा येत नाही, आणि त्याचं तर मौनव्रतच! लाबिना मितेव्स्का सगळं डोळ्यांनी बोलते. आपण भारावलो. पण बाई गप्प आहे म्हणूनच भारावलो नाही ना? ही शंका आम्हांला पंचवीस वर्षांनी आली, ‘गॉड एक्झिस्ट्स, हर नेम इज पेट्रुन्या’ (२०१९) पाहताना. दिग्दर्शक बहीण तेओना. निर्माती लाबिना, टीव्ही वार्ताहरही तीच. नदीत उडी मारून पुरुषांनीच मिळवायचा क्रूस पेट्रुन्या पटकावते, आणि ही माइक पुढे करून विचारत सुटते. अभिनय जरा कर्कश आहे, मान्य. पण झमीराला सख्ख्या भावाच्या गोळीनं गप्प केलं होतं. ते आठवलं की हा कर्कशपणा आम्ही आनंदानं सोसतो.