मिरजेची भूमि व ‘सीझर ३’चा नकाशासंपादक

ऐतिहासिक नगररचनेच्या संगणकीय खेळांत ‘सीझर ३’ (१९९८) हा प्रसिद्ध आहे. खेळ रोमन नगर वसविण्याचा. परंतु खेळाडूस स्वतः भूमि आंखतां यावी म्हणून त्यास जोडून नकाशासंपादकही आहे. इमारती रोमनच राहावयाच्या; भूमि मात्र आपली घेतां येते. म्हणून मिरजेचा परिसर त्यांत उतरवून पाहिला. त्यावरून या साधनाचे गुणदोष येथें मांडतों.

प्रथम गुण. सर्व भूमि लहान चौकटींत विभागलेली असून प्रत्येक चौकटींत पाणी, झाडी, खडक किंवा पिकाऊ जमीन घालतां येते. पिकाऊ जमिनीवांचून शेत बसत नाहीं. माणसांची येण्याजाण्याची ठिकाणेंही नेमून द्यावीं लागतात. यामुळें कृष्णाघाट किल्ल्यापासून किती दूर, वाट कोणत्या अंगानें येते, हे प्रश्न टाळतां येत नाहींत. मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे यांनीं प्रसिद्ध केलेलीं पटवर्धनी पत्रें वाचतांना जीं स्थलें नजरेखालून सहज निघून जातात, त्यांवर येथें बोट ठेवावें लागतें. अभ्यासास हा लाभ थोडा नव्हे.

दोष याच गुणांतून उपजतो. या संपादकापाशीं ‘ठाऊक नाहीं’ असें सांगणारें चिन्हच नाहीं. शाहूमहाराजांनीं १७३९ सालीं मिरज घेतली तेव्हांची भूमि आंखावयाची म्हटल्यास नदीचें पात्र आजच्या नकाशावरून घ्यावें लागतें, झाडी तर केवळ तर्कानें. पुढें आधारपूर्वक घातलेला किल्ल्याचा खंदक व तर्कानें लाविलेली झाडी सारख्याच ठामपणें दिसूं लागतात. पोथींत कोरी सोडलेली जागा त्रुटि म्हणून ओळखूं येते. येथें न भरलेली चौकटही मोकळें माळरान म्हणून वाचली जाते.

भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तींत अनिश्चित पाठाखालीं नागमोडी रेघ ओढलेली असते. संपादकाचा प्रामाणिकपणा त्या रेघेंत आहे. नकाशांत ती ओढतां येत नाहीं, तर ती सोबतच्या टिपणांत ओढावी: कोणती चौकट कागदावरून, कोणती प्रत्यक्ष पाहून, कोणती अनुमानानें. असें टिपण नसलेला नकाशा खेळावयास खुशाल घ्यावा. दप्तरांत मात्र पुरावा म्हणून ठेवूं नये.