मुलाम्याची नामावली

विसाव्या शतकाच्या मध्यास अमेरिकेतील मध्यमवर्गीय नववधूंपुढे मांडलेल्या चांदीच्या काट्या-चमच्यांच्या जाहिराती भाषाभ्यासकानेही पाहावयास हव्यात. 'स्टर्लिंग'मध्ये हजारी ९२५ भाग चांदी असते. 'इंटरनॅशनल सिल्व्हर' कंपनीच्या '१८४७ रॉजर्स ब्रदर्स' या मालावर तिचा केवळ मुलामा असे. ही उणीव नावांनी भरून काढली. प्रथम सनच विशेषनाम झाले. पुढे नक्षीच्या नमुन्यांना 'फर्स्ट लव्ह' (१९३७), 'इटर्नली युअर्स' (१९४१), 'हेरिटेज' (१९५३) अशी नावे मिळाली. यांतील तिसरे आम्हांस सर्वांत धीट वाटते. वारसा पूर्वजांकडून यावयाचा. येथे तो दुकानातून येतो! तरीही या जाहिरातींना सरसकट फसव्या म्हणणाऱ्यांशी आम्ही सहमत नाही. 'हेरिटेज' हे विधान नव्हे, नाम आहे. त्याचे विधान ग्राहक स्वतःच करून घेतो.